लिबव्हर्टच्या लायब्ररी फाइली: लिनक्सवर व्हर्च्युअल मशीन प्रथमच चालवणाऱ्यांसाठी मार्गदर्शक

लिनक्सच्या संगणकावर व्हर्च्युअल मशीन (संगणकाच्या आत चालणारा आभासी संगणक) चालवायची ठरवल्यावर लिबव्हर्ट हे नाव लवकरच कानावर येते. लिबव्हर्ट हा स्वतः व्हर्च्युअल मशीन चालवणारा प्रोग्राम नाही. मशीन चालवण्याचे काम कर्नेलमधील (लिनक्सच्या गाभ्यातील) केव्हीएम आणि त्याच्या जोडीचा क्यूएमू हे दोघे करतात. मशीन तयार करणे, सुरू करणे, थांबवणे, त्याला डिस्क आणि नेटवर्क जोडून देणे, ही व्यवस्थापनाची सगळी कामे एकाच पद्धतीने करता यावीत यासाठी असलेली सी भाषेतील मुक्तस्रोत लायब्ररी (इतर प्रोग्रामांनी वापरायच्या तयार कार्यांचा संच) म्हणजे लिबव्हर्ट. तिची पहिली आवृत्ती २००५ च्या अखेरीस आली, तर केव्हीएम लिनक्स कर्नेलमध्ये २००७ साली, २.६.२० या आवृत्तीत समाविष्ट झाले. म्हणजे लायब्ररी केव्हीएमपेक्षा जुनी आहे, आणि म्हणूनच ती केवळ केव्हीएमपुरती बांधलेली नाही; झेन आणि एलएक्ससी या आभासीकरणाच्या इतर व्यवस्थांशीही ती बोलू शकते.

हा लेख लिहिण्यामागे माझा एक अनुभव आहे. मी पॅकेजच्या बाहेरून आणलेला एक छोटा प्रोग्राम चालवू पाहत होतो आणि ‘लिबव्हर्ट डॉट एसओ डॉट शून्य ही सामायिक लायब्ररी उघडता येत नाही’ अशा अर्थाचा संदेश येत होता. इंटरनेटवरील एका ठिकाणी नेमकी त्या नावाची फाइल मिळाली. ती उतरवून मी ‘/यूएसआर/लोकल/लिब’ या फोल्डरमध्ये टाकली आणि प्रोग्राम चालला. आठवड्याभराने लिबव्हर्टची अधिकृत पॅकेजेस बसवली, तेव्हा त्यातली, टर्मिनलमधून मशीन सांभाळण्याची, व्हर्श ही आज्ञाच उघडेना. संदेश असा होता की ‘लिबव्हर्ट प्रायव्हेट’ या नावाची अमुक आवृत्ती लायब्ररीत सापडत नाही. पॅकेजेस मी तीन वेळा काढून पुन्हा बसवली, तरी फरक पडला नाही, कारण दोष पॅकेजमध्ये नव्हता. मी स्वतः ठेवलेली परकी फाइल आधी उचलली जात होती. ती काढून टाकायला एक मिनिट लागले, ती शोधायला दोन दिवस गेले. नव्याने सुरुवात करणाऱ्याचे ते दोन दिवस वाचावेत, एवढीच इच्छा आहे.

उदाहरणे डेबियन १२ वरची आहेत. उबुंटूवर जवळपास सगळे तसेच आहे. फेडोराचे फरक त्या त्या ठिकाणी सांगितले आहेत. आज्ञा आणि फाइलींची नावे येथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत. टर्मिनलमध्ये ती रोमन लिपीत आणि वेगळे सांगितले नसेल तर छोट्या अक्षरांत टंकायची आहेत. ज्या नावांच्या स्पेलिंगबद्दल शंका येऊ शकते, त्यांची अक्षरे फोडून सांगितली आहेत. व्हर्श म्हणजे व्ही-आय-आर-एस-एच, आणि क्यूएमू म्हणजे क्यू-ई-एम-यू.

१. सुरुवातीपूर्वी हाताशी काय हवे

आभासीकरणाची सोय असलेला ६४ बिटचा प्रोसेसर, किमान ८ जीबी मेमरी, ४० जीबी मोकळी डिस्क, सुडोचा (प्रशासक म्हणून आज्ञा देण्याचा) अधिकार असलेले खाते, आणि ज्या प्रणालीचे मशीन करायचे तिची आयएसओ फाइल (बसवण्याच्या डिस्कची प्रत). ४ जीबी मेमरीवरही एखादे छोटे मशीन चालते, पण शेजारी ब्राउझर उघडला की दोघांचीही ओढाताण होते. याखेरीज एक वही ठेवावी आणि कोणते पॅकेज कधी बसवले, कोणती सेटिंग कधी बदलली, हे तारखेसह लिहावे. माझ्याकडे अशी नोंद असती तर ती परकी फाइल मला पहिल्याच तासाला आठवली असती.

२. प्रोसेसरची तपासणी

‘एलएससीपीयू’ ही आज्ञा द्यावी आणि ‘व्हर्च्युअलायझेशन’ ही ओळ पाहावी. इंटेलच्या प्रोसेसरवर तेथे ‘व्हीटी-एक्स’ आणि एएमडीच्या प्रोसेसरवर ‘एएमडी-व्ही’ असे दिसते. ही ओळ नसेल, किंवा ती असूनही ‘/डेव्ह/केव्हीएम’ ही फाइल दिसत नसेल, तर बहुधा बायोसमध्ये सोय बंद ठेवलेली असते. इंटेलच्या संगणकांत ती ‘इंटेल व्हर्च्युअलायझेशन टेक्नॉलॉजी’ या नावाखाली, तर एएमडीच्या संगणकांत ‘एसव्हीएम मोड’ या नावाखाली असते. ती सुरू करून बदल जतन करावा आणि संगणक पुन्हा चालू करावा.

३. कोणती फाइल कोणत्या पॅकेजमधून येते

ही पायरी सावकाश वाचावी, कारण बहुतेक गोंधळ येथेच जन्माला येतो. लिबव्हर्ट ही एकच फाइल नाही. एकमेकींशी जुळवून बांधलेल्या अनेक फाइलींचा तो संच आहे, आणि डेबियनने तो वेगवेगळ्या पॅकेजेसमध्ये विभागला आहे.

‘लिबव्हर्ट०’ या पॅकेजमध्ये मूळ सामायिक लायब्ररी असते. डेबियन १२ मध्ये लिबव्हर्टची ९.०.० ही आवृत्ती आहे, आणि प्रत्यक्ष फाइलीचे नाव ‘लिबव्हर्ट.एसओ.०.९०००.०’ असे आहे. ‘लिबव्हर्ट.एसओ.०’ हा तिच्याकडे बोट दाखवणारा दुवा असतो, आणि प्रोग्राम चालताना त्याच नावाने लायब्ररी मागतो. शेवटी दिसणारे शून्य वाचून ही फाइल जुनी आहे असे समजू नये. जुने प्रोग्राम चालत राहतील हा लिबव्हर्टने बाहेरच्या प्रोग्रामांना दिलेला शब्द इतक्या वर्षांत मोडलेला नाही, म्हणून तो आकडा पहिल्यापासून शून्यच राहिला आहे. याच पॅकेजमध्ये क्यूएमू, एलएक्ससी आणि प्रशासन यांसाठीच्या तीन छोट्या सोबती लायब्ररीही येतात.

‘लिबव्हर्ट-क्लायंट्स’ मधून व्हर्श आणि तपासणीची साधने मिळतात. ‘लिबव्हर्ट-डीमन-सिस्टम’ पार्श्वभूमीला चालणारी सेवा, तिची सेटिंग आणि लिबव्हर्ट नावाचा वापरकर्ता-गट उभा करते. क्यूएमूशी बोलणारा ड्रायव्हर ही स्वतंत्र एसओ फाइल असून ती ‘कनेक्शन-ड्रायव्हर’ या उपफोल्डरमध्ये असते. सेवा सुरू होताना ती आपोआप उचलते.

‘लिबव्हर्ट-डेव्ह’ हे पॅकेज केवळ प्रोग्राम लिहिणाऱ्यांसाठी आहे. त्यात हेडर फाइली असतात, आणि ज्याच्या नावाला शेवटी आकडा नाही असा ‘लिबव्हर्ट.एसओ’ हा दुवाही असतो. सी प्रोग्राम जोडताना ‘उणे एल व्हर्ट सापडत नाही’ अशी तक्रार आली, तर लायब्ररी हरवलेली नसते. हा आकडा नसलेला दुवा नसतो. अशा वेळी कित्येकजण हाताने दुवा तयार करतात आणि त्या क्षणी काम होतेही. पण हेडर फाइली मग कुठल्या तरी वेगळ्या आवृत्तीच्या घेतल्या जातात आणि पुढचे दोष शोधणे अवघड होते. डेव्ह पॅकेज बसवणे हाच सरळ मार्ग आहे.

फेडोरावर याच गोष्टी ‘लिबव्हर्ट-लिब्स’, ‘लिबव्हर्ट-क्लायंट’, ‘लिबव्हर्ट-डीमन-केव्हीएम’ आणि ‘लिबव्हर्ट-डेव्हेल’ या नावांनी मिळतात.

४. संच बसवणे आणि तो खरोखर एकच आहे याची खात्री

डेबियनवर पुढची आज्ञा पुरेशी आहे. क्यूएमूच्या पॅकेजच्या नावातला शेवटचा भाग एक्स-८-६ असा आहे.

सुडो एपीटी इन्स्टॉल क्यूएमू-सिस्टम-एक्स८६ लिबव्हर्ट-डीमन-सिस्टम लिबव्हर्ट-क्लायंट्स व्हर्टइन्स्ट व्हर्ट-मॅनेजर

नंतर ‘व्हर्श व्हर्जन’ ही आज्ञा द्यावी. ती कोणत्या लायब्ररीसाठी बांधली गेली आहे आणि सध्या कोणती लायब्ररी वापरत आहे, हे दोन्ही आकडे ती सांगते. पॅकेजमधून बसवलेल्या संचात हे आकडे सारखेच असले पाहिजेत. तसे नसेल, तर ‘एलडीकॉन्फिग -पी’ च्या यादीत लिबव्हर्ट शोधावे. एकाच नावापुढे ‘/यूएसआर/लोकल/लिब’ आणि ‘/लिब’ असे दोन वेगवेगळे मार्ग दिसले, तर संगणकावर दोन संच आहेत हे नक्की. एखादी फाइल कोणाची आहे हे ‘डीपीकेजी -एस’ (येथे एस मात्र मोठ्या अक्षरात) आणि त्यापुढे फाइलीचा पूर्ण मार्ग दिल्यावर कळते; ‘/लिब’ ने सुरू होणारा मार्ग ‘/यूएसआर/लिब’ असा द्यावा. कोणत्याही पॅकेजने जिच्यावर हक्क सांगितला नाही, ती फाइल बहुधा कोणीतरी हाताने ठेवलेली असते.

हाताने ठेवलेली एक फाइल एवढा घोळ का घालते, हे समजून घेणे उपयोगाचे आहे. लिबव्हर्टच्या लायब्ररीत दोन प्रकारची कार्ये असतात. सार्वजनिक कार्ये आवृत्तीगणिक वाढतात, पण जुनी काढली जात नाहीत. त्यामुळे जुना प्रोग्राम नव्या लायब्ररीवर चालतो. खासगी कार्ये मात्र फक्त व्हर्श, सेवा आणि ड्रायव्हर या घरच्या मंडळींसाठी असतात, आणि त्यांच्यावर नेमक्या आवृत्तीचा शिक्का असतो. म्हणून बाहेरचा प्रोग्राम परक्या फाइलीवर खुशाल चालतो आणि त्याच वेळी व्हर्श चालायला नकार देते. माझ्या बाबतीत अगदी हेच घडले होते.

यावरून निघणारा नियम कडक आहे. सुटी एसओ फाइल कोठूनही उतरवून घेऊ नये. ती जुळणार नाही हा त्यातला लहान धोका आहे. ही लायब्ररी मूळ प्रशासकाच्या अधिकाराने चालणाऱ्या सेवेत भरली जाते, तेव्हा अनोळखी हातांतून आलेली फाइल तेथे ठेवणे म्हणजे संगणकाच्या किल्ल्या देऊन टाकणे आहे. नवीच आवृत्ती हवी असेल तर वितरणाची नवी आवृत्ती घ्यावी, किंवा डेबियनच्या बॅकपोर्ट्स (स्थिर आवृत्तीसाठी बांधलेल्या नव्या पॅकेजेसच्या) भांडारात ती आहे का हे पाहावे. स्वतः स्रोतापासून बांधण्याचा मार्ग आहे, पण तो पहिल्या महिन्यात धरू नये.

५. गटात नाव घालणे

डेबियनवर आपले खाते लिबव्हर्ट गटात स्वतः घालावे लागते:

सुडो अ‍ॅडयूजर (आपले खाते) लिबव्हर्ट

त्यानंतर लॉग आउट करून पुन्हा लॉग इन करावे. नुसती टर्मिनलची नवी खिडकी उघडून भागत नाही, आणि येथे बरेच जण अडतात. ‘आयडी’ ही आज्ञा दिल्यावर गटाचे नाव दिसले म्हणजे काम झाले. या गटातील माणूस व्यवहारात मूळ प्रशासकाइतकाच अधिकार मिळवू शकतो, कारण तो मशीनला यजमान संगणकाची कोणतीही डिस्क जोडून देऊ शकतो. प्रयोगशाळेतील सामायिक संगणकावर सगळ्यांना सरसकट या गटात घालू नये.

आता ‘व्हर्ट-होस्ट-व्हॅलिडेट क्यूएमू’ ही आज्ञा चालवावी. ‘पास’ असलेल्या ओळी सोडून द्याव्यात, ‘फेल’ असलेल्या आधी सोडवाव्यात. आयओएमएमयूबद्दल ‘वॉर्न’ आले, तर साध्या मशीनसाठी घाबरण्याचे कारण नाही. ग्राफिक्स कार्डासारखे उपकरण थेट मशीनला द्यायचे असेल तेव्हाच ते महत्त्वाचे ठरते.

६. सिस्टम की सेशन

लिबव्हर्टशी बोलताना आपण एका पत्त्याने जोडले जातो. ‘क्यूएमू:///सिस्टम’ हा संपूर्ण संगणकासाठीचा पत्ता आहे आणि ‘क्यूएमू:///सेशन’ हा केवळ आपल्या खात्यापुरता. दोन्हींच्या मशीनच्या याद्या वेगळ्या, डिस्क ठेवण्याच्या जागा वेगळ्या, नेटवर्कच्या सोयीही वेगळ्या. व्हर्ट-मॅनेजर या चित्रमय प्रोग्रामची खिडकी, काही बदल केला नसेल तर, सिस्टमशी जोडलेली असते, तर डेबियनवर साध्या खात्यातून दिलेली व्हर्श काही न सांगता सेशनशी जोडली जाते. परिणामी खिडकीत मशीन चालू दिसते आणि ‘व्हर्श लिस्ट --ऑल’ मात्र रिकामा तक्ता दाखवते. मशीन पुसले गेले असे समजून ते पुन्हा बसवायला घेतलेली माणसे मी पाहिली आहेत. मशीन जागेवरच असते. आपण दुसऱ्या दारावर हाक मारत असतो.

पुढील आज्ञेत पत्ता स्पष्ट दिलेला आहे, आणि सुरुवातीला सवय हीच ठेवावी:

व्हर्श -सी क्यूएमू:///सिस्टम लिस्ट --ऑल

कायमची सोय हवी असेल तर आपल्या घरच्या फोल्डरात ‘.कॉन्फिग/लिबव्हर्ट’ मध्ये ‘लिबव्हर्ट.कॉन्फ’ ही फाइल करून तिच्यात ‘यूआरआय_डिफॉल्ट’ या नावापुढे बरोबरचे चिन्ह देऊन सिस्टमचा पत्ता अवतरणात लिहावा. दूरच्या सर्व्हरसाठी पत्त्याच्या सुरुवातीला ‘क्यूएमू+एसएसएच’ येते. तेथे मशीनची कामे त्या सर्व्हरवर होतात, आपल्याकडे फक्त लायब्ररी आणि व्हर्श लागते.

७. नेटवर्क सुरू करणे

लिबव्हर्टसोबत ‘डिफॉल्ट’ नावाचे नेटवर्क आखून येते, पण डेबियनवर ते बंद असते. मशीन सुरू करताना हे नेटवर्क सक्रिय नाही अशी तक्रार आली, तर ‘व्हर्श नेट-स्टार्ट डिफॉल्ट’ आणि त्यामागून ‘व्हर्श नेट-ऑटोस्टार्ट डिफॉल्ट’ द्यावे, दोन्ही सिस्टमच्या पत्त्यावर. ‘व्हर्बीआर०’ हा पूल उभा राहतो, यजमानाला १९२.१६८.१२२.१ हा पत्ता मिळतो आणि मशीन्सना त्याच मालिकेतले पुढचे पत्ते दिले जातात. मशीनमधून बाहेर जाता येते. घरातल्या दुसऱ्या संगणकावरून मशीनमध्ये मात्र सरळ येता येत नाही. हा दोष नसून या नेटवर्कची रचनाच तशी आहे.

८. पहिले मशीन

आयएसओ फाइल आपल्या घरच्या फोल्डरात ठेवून मशीन सुरू केले, तर बहुतेकदा परवानगी नाकारल्याचा संदेश येतो, कारण क्यूएमू वेगळ्या वापरकर्त्याच्या नावाने चालतो आणि त्याला तुमच्या फोल्डरात शिरता येत नाही. त्यासाठी घरच्या फोल्डरची दारे सताड उघडी करू नयेत. फाइल ‘/व्हार/लिब/लिबव्हर्ट/इमेजेस’ मध्ये हलवावी. मग:

व्हर्ट-इन्स्टॉल --कनेक्ट क्यूएमू:///सिस्टम --नेम सराव१ --मेमरी २०४८ --व्हीसीपीयूज २ --डिस्क साइज=२० --सीडीरॉम (आयएसओचा पूर्ण मार्ग) --ओएस-व्हेरियंट (प्रणालीचे नाव, उदा. डेबियन११)

मेमरीचा आकडा एमबीमध्ये आणि डिस्कचा जीबीमध्ये आहे. येथे अदलाबदल झाली की दोन जीबीऐवजी दोन एमबी मेमरीचे मशीन मागितले जाते. २० जीबी सांगितले म्हणून तितकी जागा लगेच खर्च होत नाही. फोल्डरच्या यादीत फाइल मोठी दिसते, पण ‘क्यूएमू-इमेज इन्फो’ (येथे ‘इमेज’ म्हणजे आय-एम-जी) ही आज्ञा आभासी आकार आणि प्रत्यक्ष व्यापलेली जागा असे दोन्ही आकडे वेगवेगळे दाखवते.

९. व्याख्येची फाइल हाताने बदलू नये

प्रत्येक मशीनची व्याख्या ‘/ईटीसी/लिबव्हर्ट/क्यूएमू’ मध्ये एका एक्सएमएल फाइलीत असते. ती उघडून मेमरीचा आकडा बदलण्याचा मोह होतो. फाइलीच्या माथ्यावरच, ही फाइल आपोआप तयार झालेली असून येथे केलेले बदल नष्ट होऊ शकतात, अशी सूचना असते, आणि ती शब्दशः खरी आहे: सेवेने व्याख्या आपल्या स्मृतीत धरलेली असते आणि पुढच्या वेळी ती फाइलीवर पुन्हा लिहिते. बदल करायचा तो ‘व्हर्श एडिट’ आणि मशीनचे नाव देऊन करावा. त्यात एक्सएमएलची तपासणी होते आणि चूक असेल तर जतन करण्याआधी कळते. चालू मशीनवर असा बदल ताबडतोब लागू होत नाही. मशीनच्या आतून रीस्टार्ट करूनही होत नाही. ते पूर्ण बंद करून पुन्हा सुरू करावे लागते.

१०. पायथनमधून लायब्ररी वापरणे

डेबियनवर ‘पायथन३-लिबव्हर्ट’ हे पॅकेज घ्यावे. पायथनच्या व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंटमध्ये (पॅकेजेसच्या स्वतंत्र कप्प्यात) ते दिसत नाही, म्हणून लोक ‘पिप’ या पायथनच्या साधनाने ‘लिबव्हर्ट-पायथन’ बसवायला जातात. ते तुमच्या संगणकावर बांधले जाते आणि त्यासाठी कंपायलर, पायथनच्या हेडर फाइली, पीकेजी-कॉन्फिग आणि तिसऱ्या पायरीतले लिबव्हर्ट-डेव्ह लागते. त्यापेक्षा एन्व्हायर्नमेंट करतानाच ‘--सिस्टम-साइट-पॅकेजेस’ हा पर्याय देणे सोपे पडते.

सुरुवात ‘ओपन-रीड-ओन्ली’ या कार्याने करावी. येथील कार्यांची नावे जोडचिन्हाशिवाय सलग लिहायची, दुसऱ्या शब्दापासून पहिले अक्षर मोठे, आणि एक्सएमएल पूर्ण मोठ्या अक्षरांत. केवळ यादी आणि स्थिती वाचणाऱ्या स्क्रिप्टला बदल करण्याचा अधिकार देण्याची गरज नसते. पुढे मशीन निर्माण करताना एक भेद लक्षात ठेवावा. ‘डिफाइन-एक्सएमएल’ मशीनची नोंद कायम करते आणि मग ‘क्रिएट’ ते सुरू करते. ‘क्रिएट-एक्सएमएल’ मात्र तात्पुरते मशीन सुरू करते. ते बंद पडताच त्याची नोंदही जाते. डिस्कची फाइल उरते, पण ती कोणाची हे सांगणारे काही उरत नाही.

११. थांबवणे, काढणे आणि त्याआधीची प्रत

‘व्हर्श शटडाउन’ ही विनंती आहे. आतली प्रणाली ती ऐकेल तेव्हा मशीन बंद होते, आणि बसवण्याच्या मध्यावर असलेली प्रणाली ती मुळीच ऐकत नाही. ‘व्हर्श डिस्ट्रॉय’ हे नाव वाचून छातीत धस्स होते, पण त्याने डिस्क पुसली जात नाही. चालत्या संगणकाची वीज काढल्यासारखे ते असते. लिहिणे अर्धवट राहून आतली फाइल व्यवस्था बिघडू शकते, म्हणून तो शेवटचा उपाय ठेवावा.

मशीन कायमचे काढण्याची आज्ञा ‘व्हर्श अनडिफाइन’ ही आहे. तिने नोंद जाते, डिस्क राहते. तिला ‘--रिमूव्ह-ऑल-स्टोरेज’ जोडले की डिस्कही जाते, आणि ती परत मिळत नाही. युईएफआय (बायोसची नवी जागा घेणारी व्यवस्था) वापरणारे मशीन असेल तर आज्ञा एनव्हीरॅमचे (तिच्या सेटिंगच्या फाइलीचे) कारण सांगून अडते. तेथे ‘--एनव्हीरॅम’ हा पर्याय द्यावा लागतो.

काढण्यापूर्वी ‘व्हर्श डम्पएक्सएमएल’ चे उत्तर एका फाइलीत साठवावे आणि मशीन बंद असताना डिस्कच्या फाइलीची प्रत घ्यावी. या दोन गोष्टी असल्या की दुसऱ्या संगणकावर डिस्क त्याच मार्गावर ठेवून ‘व्हर्श डिफाइन’ ने मशीन पुन्हा उभे करता येते. मार्ग वेगळा ठेवायचा असेल तर साठवलेल्या एक्सएमएलमध्ये डिस्कच्या ‘सोर्स’ पुढचा मार्ग आधी दुरुस्त करावा. ही प्रत हाताने बदलायला हरकत नाही, कारण ती अजून सेवेच्या ताब्यात गेलेली नसते.